अपशकुनाचं पाकीट

उझुमासाच्या सिनेमा स्टुडिओत तीस वर्षं मी नटांच्या डोक्यावर केसांचे टोप चढवतोय. कुणाच्या डोक्यात काय शिजतंय ते आपल्याला आरशात दिसतं, असा माझा तोरा होता.

कुरामोची तेइझो बावीस वर्षं पडद्यावर बिननावाच्या भूमिकांत मरत आले. मग त्यांना नायकाच्या गुरूचं काम मिळालं. नायक असाहिना. त्याला तलवार धरायला कुरामोचींनीच शिकवलं, घरी जेवूखाऊ घालून. चार चित्रपट झाले. पाचव्यात गुरू पुलावर लढत मरणार होता, तीन पानांचे संवाद बोलून. असाहिनाने स्वतः तसा शब्द दिला होता. थंडीभर कुरामोची कामो नदीच्या काठावर पडण्याचा सराव करत होते. खांदा काळानिळा झाला, तरी माणूस खूश.

फेब्रुवारीत असाहिनाने त्यांना पोस्टरच्या फोटोसाठी बोलावलं. मी ठेवणीतला टोप बसवला. असाहिनाने स्वतःच्या हाताने त्यांची कॉलर सारखी केली.

चार दिवसांनी सेटचं सामान पाहणारा नुकुई मेकअपच्या खोलीत आला आणि दोन्ही हातांनी त्यांच्यापुढे पांढरं पाकीट धरलं. आमच्यात ज्या नटाचा फोटो चित्रपटात मेलेल्या माणसाचा म्हणून मांडतात, त्याला अपशकुन टळावा म्हणून थोडे पैसे आणि चिमूटभर मीठ देतात. नुकुई बिचारा सरळ मनाचा.

"फोटो झकास आलाय, दादा. काळी रिबीन लावून आजच मांडतोय."

कुरामोचींनी पाकीट घेतलं. आरशात त्यांचा चेहरा पाहून मला कळलं, त्यांना यातलं काहीच माहीत नव्हतं.

मी सहायक दिग्दर्शकाला गाठून खडसावलं, तेव्हा कळलं. कथा बदलली होती; आता गुरू चित्रपट सुरू होण्याआधीच तापाने मेलेला होता. तीन पानं गेली. म्हातारा पुलावर लढत कोसळला की माझ्याकडे कोण बघणार, असं असाहिनाच म्हणाला होता. केसाने गळा कापणं म्हणतात ते हेच, आणि केस मीच बसवले होते. माझा नुसता जळफळाट झाला. पाकीट त्याच्या तोंडावर फेका आणि घरी चला, असं मी कुरामोचींना सांगितलं. त्यांनी ते किमोनोच्या बाहीत ठेवलं.

दुपारी असाहिनाला त्या फोटोपुढे रडायचं होतं. सात टेक झाले, डोळे कोरडे. शेवटी दिग्दर्शकाने निरोप पाठवला, कुरामोची कॅमेऱ्याशेजारी उभे राहतील का? जाऊ नका म्हटलं, तरी ते गेले. असाहिनाने मान वर केली, त्यांना पाहिलं, आणि धारा लागल्या. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

तो धावत येऊन कमरेत वाकला. "गुरुजी, तुमच्यामुळेच जमलं."

"नाही रे," कुरामोची म्हणाले. "तलवार मी शिकवली. हे तुझं तूच शिकलास."

फाटकाबाहेर त्यांनी पाकिटातलं मीठ चिमटीत घेतलं आणि स्वतःच्या अंगावर टाकलं, आमच्यात कुणाला तरी स्मशानात पोचवून आल्यावर टाकतात तसं. पुन्हा ते उझुमासात आले नाहीत.