फाटकाशी उभा इराक्ली

पांडुरंग परबाच्या गळ्यात गाठ निघाली. डॉक्टरांनी ती काढली, आणि जाताना ती आवाजही घेऊन गेली. उरली ती नुसती फुसफुस. बहरीनमध्ये गाडी चालवायला तेवढी पुरते म्हणा, पण हा कुडाळकडचा दशावतारी! याने राक्षस केला की पुढच्या रांगेतली पोरं आईला चिकटायची. मनामातल्या मराठी मंडळाने दर वर्षी त्याला मोठं काम दिलं होतं. यंदा सेक्रेटरी हेमाताईंनी अगदी गोड बोलून त्याला पडदा ओढायला सांगितलं. दोन दिवस तो धड जेवला नाही. रुसून बसायला तू काय नवी नवरी आहेस, असं बायको मालूने विचारलं तेव्हा कुठे ताटावर बसला.

त्याच आठवड्यात गाडीत विषय निघाला. जनाबिया भागात राहणाऱ्या, पियानो शिकवणाऱ्या केतेवान बाईंना तो रोज शाळेत सोडायचा. बाई जॉर्जियाच्या. त्याचा घसा ऐकून त्यांनी आपल्या आजोबांची गोष्ट सांगितली. इराक्ली त्यांचं नाव, सर्कशीत धावत्या घोड्यावर उभे राहायचे. शंभर वर्षांपूर्वी तिकडे मूकपट निघू लागले तेव्हा ते हिरो झाले. कड्यावरून उडी स्वतः मारायचे, दोनदा पाय मोडून घेतला. बोलताना फार अडखळायचे, पण मूकपटात ते कोणाला कळणार? मग बोलपट आला आणि स्टुडिओवाल्यांनी त्यांना घरी बसायला सांगितलं. ते कसले बसतात! रोज दाढी करून फाटकाशी हजर. वर्षभराने कोणीतरी आत घेतलं, ते नव्या नटांना घोड्यावरून पडायला शिकवण्यासाठी. आणि साठीला एका बोलपटात त्यांनी एकही शब्द नसलेला गिरणीवाला असा वठवला की लोक हिरोचं नाव विसरले.

पांडुरंगाने गाडी कडेला घेतली. यंदा हाच खेळ करायचा, पडदा गेला खड्ड्यात, असं त्याने तिथेच ठरवलं. हेमाताईंच्या मागे लागून लागून त्याने वीस मिनिटं मिळवली.

बाईंनी आजोबांच्या सिनेमाचा उरलेला नऊ मिनिटांचा तुकडा मोबाइलवर दिला. आता दशावतारी माणसाचा सगळा जीव संवादात. इराक्लीचे ओठ कसे हलतात तेच हा बाबा तीन आठवडे आरशासमोर घोटत बसला आणि मोठ्या ऐटीत बाईंना करून दाखवलं. बाई हसून बेजार. आजोबा कॅमेऱ्यासमोर नुसती घोड्यांची नावं पुटपुटायचे, असं त्यांनी सांगितलं. पांडुरंग ओशाळला. दुसऱ्या दिवसापासून त्याने तोंड मिटलं आणि सगळा खेळ खांद्यांत आणि पायांत आणला.

गोष्ट सांगायची होती मुलीने, मृणालीने. पंधरा वर्षांची पोर, घरातलं मराठी सगळं कळायचं पण उत्तर इंग्रजीत. तरी बापाखातर तिने मराठी पानं पाठ केली.

खेळाच्या दिवशी हॉल भरलेला. सर्कस झाली, कड्यावरची उडी झाली, आणि फाटकाच्या प्रवेशाला मृणाली थांबली. पुढचं आठवेना. पोरीचे डोळे भरले. विंगेतून हेमाताईंनी पडदा पाडायची खूण केली. पण दशावतारात लिहिलेलं असतं कुठे काय? एकाचं अडलं की दुसऱ्याने सांभाळून घ्यायचं, हेच तर पांडुरंग जन्मभर करत आला होता. त्याने हेमाताईंकडे बघून ठामपणे नाही अशी मान हलवली, मुलीला हाताने शेजारी उभं केलं आणि दाढी करायला बसला.

दाढी केली, कोट झटकला, फाटकाशी उभा राहिला. फाटक उघडलं नाही. घरी आला. पुन्हा दाढी, पुन्हा कोट, पुन्हा फाटक. पहिल्यांदा लोक हसले. दुसऱ्यांदा थोडे हसले. चौथ्यांदा त्याने वस्तरा उचलला तेव्हा पहिल्या रांगेत केतेवान बाई रडत होत्या, आणि हॉलमध्ये कोणी खोकतसुद्धा नव्हतं.

नंतर हेमाताई डोळे पुसत आत आल्या. चुकलंच आमचं, म्हणाल्या. पुढच्या वर्षी तुमच्यासाठी एखादं न बोलणारं छोटंसं काम नक्की शोधू.

पांडुरंग त्यांच्या कानाशी वाकला आणि होती नव्हती ती सगळी फुसफुस एकवटून म्हणाला, "ल्हान नको. माका मोठा काम व्हया."