खोल्यांचा तक्ता

मावशी सकाळपासून चौथ्यांदा तक्त्यासमोर येऊन उभ्या राहिल्या आणि चौथ्यांदा काहीही न करता निघून गेल्या. एरवीही त्यांच्या पायाला भिंगरी असायचीच. तीन मजल्यांचं मुलींचं वसतिगृह त्या दिवसातून इतक्या वेळा चढत-उतरत, की जिन्यालाच धाप लागावी. पण आजचं चालणं कामाचं नव्हतं. जिवाची घालमेल होत होती, म्हणून पाय चालत होते.

तक्ता म्हणजे ऑफिसच्या भिंतीवरचा प्लायवूडचा भलामोठा फळा. एक ओळ म्हणजे एक खोली, एक हूक म्हणजे एक पलंग आणि हुकाला टांगलेलं कार्ड म्हणजे एक मुलगी. कार्डाच्या कोपऱ्यात तिच्या देशाचा रंग. एका ओळीत एक रंग दोनदा येता कामा नये, एवढाच नियम. पण त्या नियमावर ही शाळा जगभर मिरवत होती. 'एका देशाची दोन मुलं एका खोलीत नाहीत,' हे वाक्य माहितीपुस्तिकेच्या पहिल्याच पानावर ठळक अक्षरांत होतं. एकतीस वर्षं मावशींनी ते डोळ्यांत तेल घालून पाळलं होतं. देश चोपन्न झाले तेव्हा बाजारातले रंग संपले. मावशींनी दुरंगी पट्ट्या चिकटवल्या. मग संगणक आला. त्याने खोल्यांच्या याद्या काढल्या, पण त्या याद्याही मावशींच्या तक्त्याशी पडताळल्याशिवाय दारावर लागल्या नाहीत.

आणि आज त्याच मावशींना एका ओळीत दोन सारखे रंग टांगायचे होते.

कारण होती अकरा नंबरच्या खोलीतली धाकटी. आठ वर्षांची पोर. येऊन बावीस दिवस झाले होते आणि तोंडातून एक शब्द नव्हता. जेवायची, वर्गात बसायची, फळ्यावरचं बघून वहीसुद्धा नीट भरायची, पण सगळं मुक्याने. डॉक्टरांनी घसा पाहिला, कान पाहिले, सगळं ठणठणीत. रविवारी तिच्या वडिलांचा फोन यायचा. वडील जहाजावर नोकरीला, तिथून आवाजच जेमतेम पोचायचा. धाकटी फोन कानाला लावून नुसती मान हलवायची. आता फोनवर हलवलेली मान कुणाला दिसते? वडील पलीकडे 'हॅलो, हॅलो' करत राहायचे.

प्रिन्सिपल माणूस वाईट नव्हता, फक्त सदा घाईत असायचा. "महिनाअखेरपर्यंत वाट बघू, मावशी. नाहीतर तिला घरी पाठवावं लागेल," असं त्याने सांगून टाकलं होतं. घर कुठलं? आई नाही, वडील पाण्यावर, दाराला कुलूप. फॉर्मवर एका चुलत काकूचा पत्ता होता, आणि त्या काकूने मुलीला आजवर डोळ्यांनी पाहिलेलंही नव्हतं. महिनाअखेर आठ दिवसांवर आली होती.

उपाय तर समोर तक्त्यावरच टांगलेला होता. लहान मुलींच्या प्रत्येक खोलीत चौथ्या पलंगावर एक मोठी मुलगी असते, तिला 'खोलीची ताई' म्हणतात. सतरा नंबरच्या ताईच्या कार्डावर नेमका धाकटीचाच रंग होता. अख्ख्या शाळेत त्या देशाच्या या दोघीच. ही मोठी चौदा वर्षांची, सहाव्या वर्षी इथे आलेली. बास्केटबॉलच्या संघाची कॅप्टन, म्हणून सगळे तिला कॅप्टनच म्हणत. अकरा आणि सतराच्या ताया बदलल्या की झालं. दोघींना नुसतं दिवसा भेटवावं, तर तेही अवघड होतं, कारण नियम काही खोलीत थांबला नव्हता. वर्षागणिक तो पसरत गेला होता : आधी जेवणाच्या टेबलांवर, मग खेळाच्या संघांत आणि शेवटी जिभेवर. आवारात बोलायचं ते शाळेच्याच भाषेत, आणि ती धाकटीला अजून कळत नव्हती. घरची भाषा घरी, सुट्टीत.

मावशी पाचव्यांदा तक्त्याशी आल्या, तेवढ्यात इतिहासाचे सर दारात हजर. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली, तरी मुलं त्यांना अजून 'सनावळी' म्हणत, कारण ते जेवणाची घंटा झाली तरी तारीख सांगून वर्ग सोडत. शाळेच्या हीरकमहोत्सवाचं पुस्तक लिहायचं काम त्यांच्याकडे होतं.

"मावशी, माझं एक प्रकरण अडलंय," खुर्ची ओढत ते म्हणाले. "बारा मुलांची शाळा सातशेवर कशी गेली, दुसरी इमारत कधी, पोहण्याचा तलाव कधी, सगळं लिहून झालं. पण शाळा काढताना हा खोल्यांचा विचार थोरल्या साहेबांना सुचला, तो क्षण मला हवाय. तुमची आई पहिल्या दिवसापासून इथे होती. काहीतरी बोलली असेल की."

एरवी मावशींनी मूग गिळले असते. आज त्यांच्यात तेवढा धीर नव्हता.

"सुचला कसला, सर? पलंग आखूड होते."

"काय?"

"साहेबांनी बंद पडलेलं हॉटेल घेतलं शाळेसाठी. पलंग मिळाले ते एका मोडीत निघालेल्या हॉस्पिटलातले. चार बाळगोपाळांचे, चार मधल्या मापाचे, चार मोठे. खोल्या तीन, एकेका खोलीत एकेका मापाचे पलंग, मुलं बारा. आईने सरळ मुलांची उंची मोजली. ज्याचे पाय बाहेर लोंबणार नाहीत, त्याला तो पलंग. दोन सख्खे भाऊ होते. मोठा ताडमाड वाढलेला, म्हणून तो एका खोलीत आणि लहाना दुसऱ्या खोलीत. दोन दिवस लहाना रडून रडून आजारी पडायचा बाकी होता. तिसऱ्या दिवशी वर्तमानपत्राचा माणूस आला. खोल्या बघितल्या आणि म्हणाला, वा! एका खोलीत चार-चार देश! मुद्दाम केलंत? साहेबांनी जरा दम घेतला आणि म्हणाले, अर्थात."

सरांनी पेनाला टोपण लावलं. "हे मी लिहू कसं?"

"सांगितलं तसं."

"अहो, पण युद्धाच्या वर्षी याच नियमाने शाळा तारली ना? एकमेकांशी लढणाऱ्या दोन देशांची दोन मुलं एका खोलीत होती, आठवतंय?"

आठवत होतं. मावशींची तेव्हा नोकरी नवी होती. बातम्या लागल्या की ती दोन पोरं एकमेकांचे कान झाकायची, हे त्यांनी दारातून स्वतः पाहिलं होतं. त्या दिवसापासून त्यांचा नियमावर विश्वास बसला होता, आणि तो अजूनही उडालेला नव्हता.

"नियम खोटा नाही, सर," त्या म्हणाल्या. "पण आभाळातून पडलेलाही नाही. माझ्या आईने मोजपट्टी घेऊन केलेला आहे तो. आईने केलं ते लेकीने एका पोरीपुरतं मोडलं, तर काय बिघडलं? चला माझ्याबरोबर."

प्रिन्सिपलने दोघांचं उभ्या उभ्या ऐकून घेतलं. पलंगांच्या गोष्टीला हसलासुद्धा. मग हसू आवरून म्हणाला, "मावशी, सुरुवात कशीही झाली असो. सातशे घरांनी ते वाक्य वाचून मुलं पाठवलीत. आज हिच्यासाठी मोडलं, तर उद्या माझ्या दारात रांग लागेल. आणि सर, ते पलंग तेवढे पुस्तकात नकोत."

सर खिडकीबाहेर बघू लागले. मावशींनी त्यांच्याकडे एकदा पाहिलं आणि आशा सोडली.

"साहेब, मला निवृत्तीला अजून दोन वर्षं आहेत," त्या म्हणाल्या. "त्यातली किती ठेवायची ते तुम्ही ठरवा. कार्डं मी बदलते आहे. विचारायला आले नव्हते, कळवायला आले होते."

असं आयुष्यात पहिल्यांदाच बोलल्या आणि तडक जिना उतरल्या. कुठेही थांबल्या नाहीत. थांबलं की विचार येतात. तक्त्यावरची दोन कार्डं काढली, अदलाबदल करून टांगली आणि तशाच जिममध्ये गेल्या. कॅप्टन चेंडू आपटत होती.

"उद्या दुपारी तुझी ट्रंक अकरामध्ये हलवायची. तिथे तुमच्याकडची एक धाकटी आहे. बोलत नाही बिचारी. तुझ्याशी बोलेल."

कॅप्टनने चेंडू हातात धरला. "मावशी, मला जमेल का? म्हणजे, मी..."

"मैत्रिणींना सोडून जायचं जिवावर येतंय, माहीत आहे मला. आठ दिवस तरी राहा, माझं ऐक."

"तसं नाही मावशी..."

पण मावशी तोवर दाराबाहेर पोचल्या होत्या.

रविवारी दुपारी कॅप्टनने ट्रंक ओढत आणली. खोलीतल्या बाकीच्या दोघींना मावशींनी खेळायला पिटाळलं होतं. धाकटी पलंगाच्या कडेला बसली होती, हात मांडीवर, बूट जुळवलेले. कॅप्टन तिच्यासमोर उभी राहिली, अवघडली आणि एक छोटासा शब्द बोलली. शाळेच्या भाषेतला नव्हता तो.

धाकटीने मान वर केली. आणि मग जे सुरू झालं ते थांबेना. शब्दांमागून शब्द, मध्येच हुंदका, मध्येच चक्क हसू, हाताने दार दाखवत, खिडकी दाखवत, स्वतःच्या छातीवर हात ठेवत. बावीस दिवसांचं सगळं एकदम बाहेर येत होतं. मावशी दाराच्या चौकटीला टेकल्या. डोळ्यांतलं पाणी पुसायचंही त्यांना सुचेना. इतका आनंद त्यांना कित्येक वर्षांत झाला नव्हता.

मग धाकटी थांबली. तिने काहीतरी विचारलं होतं. उत्तराची वाट पाहिली आणि पुन्हा तेच विचारलं. कॅप्टन नुसती मान हलवत होती.

"मावशी," मागे वळून न बघता कॅप्टन म्हणाली, "ती काय म्हणतेय?"

"म्हणजे?"

"मला कळत नाही. तो एकच शब्द येतो मला. आजी फोनवर म्हणायची. आजी गेली. आई-बाबा तर घरीसुद्धा शाळेचीच भाषा बोलतात, मला सोपं पडावं म्हणून. मी सांगणार होते तुम्हाला, जिममध्ये."

मावशींनी हिशोब केला. आठ वर्षं. दरवर्षी शाळा सुरू होताना हिचं कार्ड त्यांनीच टांगलं होतं आणि आसपास तो रंग फिरकू नये म्हणून दोनदा तपासलं होतं. खोलीत नाही, टेबलावर नाही, संघात नाही. या पोरीची भाषा कुणी हिसकावून घेतली नव्हती. मावशींनी आपलं काम चोख केलं होतं, इतकंच. आणि मुलीला विचारायचं सोडून त्या कालही कार्डाचा रंगच बघून आल्या होत्या. त्यांना स्वतःची लाज वाटली.

धाकटीचा चेहरा उतरत चालला होता. आता ही पुन्हा मिटणार आणि ती कायमची, असं वाटून मावशी घाईघाईने पुढे झाल्या आणि त्यांनी ट्रंकेच्या कडीला हात घातला. "राहू दे, बाळा. माझंच चुकलं. चल, तुला परत वर सोडते."

कॅप्टनने ट्रंकेवर हात ठेवला. मग एवढी उंच मुलगी धाकटीच्या समोर जमिनीवर मांडी घालून बसली.

"नको मावशी, मी नाही जात," ती म्हणाली. "तिला फक्त एवढं सांगा ना, हळू बोल म्हणावं."

हे एवढं वाक्य त्या भाषेत मावशींना तरी कुठे येत होतं?

धाकटी दोघींकडे आळीपाळीने बघत राहिली. मग पलंगावरून खाली उतरली, कॅप्टनच्या गुडघ्याला गुडघा लावून बसली आणि तिने तोच प्रश्न पुन्हा विचारला, एकेक शब्द सुटा करून, तान्ह्या बाळाशी बोलावं तसा.