दारापासून चाळीस पावलं

"काका, स्वतःच्याच गावात वाट चुकलात की काय?" अबेबावनं हसत विचारलं.

पाहुण्यांना डोंगर दाखवणारा हा शहरातला वाटाड्या, वयानं निम्मा. एरवी यिमामनं त्याची थट्टा हसण्यावारी नेली असती. आज ती जिव्हारी लागली, कारण तो खरंच चुकला होता. खांद्याला बंदूक, अंगात सिमियन अभयारण्याच्या राखणदाराचा कोट, आणि धुक्यात जन्मगाव सापडेना!

जनावरांना डोंगर मोकळा हवा म्हणून आठ वर्षांपूर्वी गाव खाली शहरात हलवलं होतं. लोकांनी घरं उतरवली, तुळया-दारं खेचरांवर लादली. मागे राहिली ती यिमामची दुधपिती लेक झेमझेम, सातूच्या बांधाला पुरलेली. सकाळी बायकोनं, तोयबानं, त्याच्या हातात फडकं दिलं होतं.

"माझे गुडघे काही आता डोंगर चढायचे नाहीत. पोरीची मूठभर माती तेवढी आणा. दारातून निघा, उगवतीकडे चाळीस पावलं, उशा-पायथ्याला दोन धोंडे. विसराल नाहीतर!"

'अगं, चाळीस पावलं खरी, पण दार कुठाय? दार तर आपणच खाली नेलं!' यिमाम मनातल्या मनात तिला म्हणाला.

गेलाडा माकडांनी गवत उपटून धोंडे कुठल्या कुठे लोटले होते. दोन-दोन धोंडे जिकडेतिकडे दिसत होते. तेवढ्यात धुक्यातून बाकदार शिंगांचा वालिया, क्वचितच दिसणारा रानबोकड, पुढे आला.

"वालिया! काका, नशीब काढलंत!" अबेबाव कुजबुजला. पाहुणे फोटो काढायला लागले.

बोकड सातूच्या जागेवर निवांत चरत होता. ह्याच्यासाठीच गाव उठलं, आणि ह्याच्याच राखणीवर यिमामची चूल पेटत होती. मग रागवावं तरी कोणावर? शेवटी तो मटकन खाली बसला आणि हात पडला तिथली माती त्यानं फडक्यात बांधली.

"सापडली?" संध्याकाळी तोयबानं विचारलं.

"हं."

"धोंडे होते?"

"होते की." धोंड्यांना काय तोटा! पण त्याला राहवेना. "तोयबा, अगं, मला नक्की..."

"बोलू नका हो, चुकेन मी."

डोंगरावरून आणलेल्या त्याच दाराला पाठ लावून ती उगवतीकडे निघाली होती. एक, दोन, तीन... सतराव्या पावलाला शेजाऱ्याचा पत्रा आडवा आला. तिनं पत्र्यावर हात टेकला, मग गुडघे धरत खाली बसली आणि फडकं सोडलं.

"इथवरच जागा आहे गं, माझे बाई," ती मातीला म्हणाली.

यिमाम अंगणात दोन धोंडे शोधू लागला.