बाईजाचा धवळा

मी आवाज टिपणारा एक जुना रेकॉर्डर आहे, मित्रांनो. तळहातावर मावेन एवढासा. कुठल्या कारखान्यात माझी जुळणी झाली ते आठवत नाही. माझं खरं आयुष्य सुरू झालं, ते खर्डीच्या संघरत्नाने मला विकत घेतलं तेव्हा. ती संगीतावर माहितीपट बनवायची. तिच्यापाशी ना ऑफिस, ना माणसं. कॅमेरा मैत्रिणीचा, आणि ऐकायचं काम माझं.

पहिल्या माहितीपटासाठी आम्ही धसईला गेलो. तिथे बाईजा राहायची, लग्नात धवळे गाणारी धवळारीण. मला बघून ती हसली.

"ह्या डबीत माजा आवाज मावंल का गो?"

"मावेल, आजी. आणि गावात पडदा लावून आधी तुम्हालाच दाखवीन."

बाईजा गायली. नवरीला निरोप द्यायचा धवळा मी सबंध टिपला. माहितीपटात त्यातला जेमतेम एक तुकडा आला, पण लोकांनी तोच डोक्यावर घेतला. संघरत्नाचं नाव झालं. मोठी कामं आली, मोठी यंत्रं आली. धसईला जायचं मात्र राहतच गेलं. मी कपाटात पडलो, पोटात तो धवळा घेऊन. दार उघडलं की वाटायचं, आता मला उचलेल. ती दुसरंच काही घेऊन जायची.

यंदा बाईजाच्या नातीचा, भूमिकाचा फोन आला. "ताई, माझं लगीन हाय. आजीचा गळा पार बसलाय. तिचा तो धवळा तुमच्याकडं हाय ना?"

संघरत्नाने मला बाहेर काढलं. माझ्यात विसरलेले सेल पाझरून आतून गंज चढला होता. ती कितीतरी वेळ मला पुसत बसली. तिचा तो हात मी किती दिवसांनी अनुभवत होतो!

धसईला, हळदीच्या मांडवात तिने नवे सेल घातले आणि मी बोलू लागलो. बाईजा स्वतःचं गाणं पहिल्यांदाच ऐकत होती, पदर तोंडाशी धरून. पण अर्ध्यावर मी घरघरलो आणि बंद पडलो.

"आजी, मी फार उशीर केला," संघरत्ना म्हणाली.

बाईजाने तिचा हात धरून तिला शेजारी बसवलं. मग नातीच्या कानाशी वाकून ती पुढची ओळ कुजबुजली. भूमिकाने ती मोठ्याने म्हटली. ओळीमागून ओळ येत गेली, आणि नवरीने स्वतःच्याच निरोपाचा धवळा पुरा केला. मला तो टिपता आला नाही, मित्रांनो. त्याची हुरहूर अजून जात नाही.

एखादं यंत्र बाजूला ठेवाल तेव्हा त्याचे सेल आठवणीने काढून ठेवा. आणि कुणाचं गाणं घेऊन गेलात, तर त्याचा गळा शाबूत आहे तोवर त्याला ते ऐकवायला जा.