टेबलाखालचं माहेर

वहिनीचा स्वभावच मुळात संशयी. दूध तापवायच्या आधी ती दोनदा हुंगायची, शेजारणीने वाटीभर साखर आपणहून परत केली तरी ‘आता हिला काय हवंय’ म्हणून विचारात पडायची. नवरा म्हणायचा, “उशिरा आलो तर भांडतेस, लवकर आलो तर चौकशी करतेस. मी घरी यायचं तरी कधी?” त्यावर तिचं उत्तर ठरलेलं होतं, “खरं बोलणार असाल तर केव्हाही या.”

अशा बाईला कारखान्याच्या नव्या साहेबांनी चहाला बोलावलं, म्हणजे तिचं काय झालं असेल ते सांगायला नकोच.

कारखाना कुलपांचा. एका लांब टेबलाच्या दोन्ही बाजूंना बसून माणसं कुलपात स्प्रिंगा बसवायची, पट्ट्या चढवायची, किल्ली फिरवून बघायची आणि तयार कुलूप आपल्या ट्रेमध्ये ठेवायची. वहिनीला इथे चिकटवलं ते तिच्या नवऱ्याच्या थोरल्या बहिणीने. वहिनी तिला वन्सं म्हणायची, म्हणून सगळं टेबल तिला वन्सं म्हणू लागलं. वन्सं हिला वहिनी म्हणायची, म्हणून ही सगळ्यांची वहिनी झाली. हे नातं साहेबांच्या केबिनपर्यंत पोचेल असं मात्र तिला कधी वाटलं नव्हतं.

“या वहिनी, बसा,” साहेब म्हणाले. खुर्ची त्यांच्या खुर्चीइतकीच उंच होती, कपही तसाच होता. साहेबांनी पहिला घोट घेईपर्यंत वहिनीने आपल्या कपाला हात लावला नाही.

साहेबांचं म्हणणं असं, की जुनं टेबल जाणार आणि सरकता पट्टा येणार. पण तो किती वेगाने फिरवायचा, कोणी कुठे बसायचं, हे कामगारांनीच ठरवायचं. त्यासाठी समिती नेमायची, आणि जुळणीच्या टेबलाकडून वहिनीने त्यात यायचं. “कारखाना तुमचाही आहे,” साहेब म्हणाले. “आधी आठवडाभर आम्ही नुसतं बघू, कोणाच्या हातून किती काम होतं ते. मग वेग तुम्हीच सांगा.”

‘आमचाही आहे? मग आजवर कुणाचा होता?’ वहिनीच्या मनात आलं. तोंडाने ती म्हणाली, “बघते.”

बाहेर पुढारी वाटच बघत होता. रिव्हेटच्या मशीनवरचा हा माणूस. कोणे एके काळी संपात घोषणा दिल्या होत्या, तेव्हापासून हे नाव त्याला चिकटलं होतं. “काय म्हणाला?”

“आठवडाभर बघणार आहेत.”

पुढारीने टेबलाखाली नजर टाकली. “म्हणजे माहेराचा वास लागला.”

माहेर म्हणजे टेबलाखालचा बिस्किटांचा मोठा पत्र्याचा डबा. ज्याचे हात चालतात त्याने आपली दोन-चार जास्तीची कुलपं त्यात टाकायची, आणि ज्याचं अंग मोडलंय, ज्याच्या घरी मूल आजारी आहे, त्याने त्यातून काढून आपला ट्रे भरायचा. कोण टाकतं, कोण काढतं, कोणी बघायचं नाही. कुणी कण्हत कामावर आलं की आपसूक आवाज यायचा, “माहेरी जाऊन ये गं जरा.” गेल्या वर्षापासून मात्र माहेर बहुतेक वन्संसाठीच चालत होतं. तिच्या उजव्या अंगठ्याचा सांधा सुजून कायमचा राहिला होता. चिमट्यातून स्प्रिंग निसटायची, आणि ती शोधायला वन्सं टेबलाखाली वाकली की सगळे आपापल्या कामात गर्क व्हायचे. घरी वन्सं एकटी. हा पगार बंद झाला तर ती आपल्या दाराशी येणार नाही, उपाशी राहील, हे वहिनीला पक्कं ठाऊक होतं.

म्हणूनच तिने ठरवलं, “आठवडाभर माहेर बंद. डब्यात कुणी टाकायचं नाही, काढायचं नाही. काही सापडलंच नाही तर ते काय पकडणार?”

“आणि वन्सं?” कोणीतरी विचारलं.

“आठवडाभर ओढीन मी कसंतरी,” वन्सं म्हणाली. वहिनी हुशार आहे, तिने ठरवलं म्हणजे विचार करूनच ठरवलं असेल, अशी तिची आपली भाबडी समजूत.

डोळ्यांत तेल घालून साहेबांचं पाप शोधणाऱ्या या बाईला एवढी साधी गोष्ट दिसली नाही. डब्यात जाणारी कुलपं आता ज्याच्या त्याच्या ट्रेमध्ये दिसू लागली. चपळ हात कधी नव्हे इतके चपळ दिसले, वहिनीचे तर सगळ्यांत जास्त. आणि वन्संचा ट्रे संध्याकाळी अर्धा रिकामा. लपवायला गेले आणि तेच टेबलावर मांडून बसले.

समितीच्या बैठकीत साहेब म्हणाले, “पट्ट्याचा वेग या आठवड्यावरून धरलाय. प्रत्येकापुढे एक खाच येईल, तीत तयार कुलूप ठेवायचं. खाच रिकामी गेली की लाल दिवा लागून पट्टा थांबेल. चाचणीच्या दिवशी ज्या जागेवर थांबेल, ती जागा कमी करावी लागेल. त्या माणसाला गोदामात घेऊ, जागा असली तर. आणि ती शिफारस समितीने करायची.”

आता वहिनीला केबिनमधल्या त्या उंच खुर्चीचा अर्थ कळला. वन्संच्या गळ्यावर सुरी फिरवायची ती तिच्या भावजयीच्या हाताने. तिला इतका राग आला की तिने सगळं ओकून टाकलं. डबा, माहेर, अंगठा, सगळं.

साहेब शांतपणे म्हणाले, “डबा मला माहीत होता. पहिल्याच दिवशी पायाला लागला. मला वाटलं, बिघडलेली कुलपं लपवता त्यात.”

“मग विचारलं का नाही?”

“तुम्ही खरं सांगितलं नसतंत.”

ते मात्र खरं होतं.

“वेग आता वर कळवलाय, तो बदलणार नाही,” साहेब म्हणाले. “पण डबा पट्ट्याशेजारी उघड्यावर ठेवा. माझी हरकत नाही.”

हरकत नाही म्हणजे काय? वहिनीने रात्रभर कूस बदलली. उघड्यावर ठेवलं की कोण टाकतं, कोण काढतं, सगळं दिसणार. हा नवा गळ तर नव्हे? टेबलावरही हेच चाललं होतं. पुढारीला म्हणे कोणी साहेबांच्या केबिनमधून बाहेर पडताना बघितलं होतं. पुढारी म्हणत होता, “केबिनमध्ये रोज चहा कोण पितं ते आधी बघा.”

चाचणीच्या दिवशी पट्टा घरघरत सुरू झाला. डबा मधोमध स्टुलावर ठेवला होता, रिकामा. चपळ हातांपुढे एक-दोन जास्तीची कुलपं जमली, पण हात पुढे होईना. जो तो दुसऱ्याच्या हाताकडे बघत होता.

पहिलं कुलूप वन्संने टाकलं. सकाळी अंगठा जरा बरा असायचा, तेवढ्यात तिने एक जास्तीचं केलं होतं. टण्ण आवाज झाला. सगळ्यांच्या माना वर झाल्या आणि लगेच खाली गेल्या. मग पट्ट्याच्या टोकाकडून एक पडलं, मग आणखी दोन. रिव्हेटच्या मशीनवरून उठून पुढारीसुद्धा येऊन टाकून गेला. जुळणी त्याचं काम नव्हतं, जेवणाच्या सुट्टीत बसून त्याने ती केली होती.

वहिनी सगळं बघत होती. कोणी टाकलं, कोणी टाकलं नाही, साहेब काचेमागून कुणाकडे बघतायत, पुढारी टाकताना तिकडे का बघतोय. दुपारनंतर वन्सं डब्यातून काढू लागली, एक, मग एक, मग भराभर. पट्टा चालत राहिला.

सुटीची वेळ जवळ आली आणि वन्संचा हात डब्यात गेला तो रिकामाच वर आला. तिने आपल्या चिमट्यातल्या स्प्रिंगेकडे बघितलं. ती निसटली. लाल दिवा लागला आणि पट्टा थांबला.

“मी टाकलीत आज, देवाशपथ,” एक जण म्हणाला. “मी पण.” “मी काय बघत बसले होते का?” आवाज चढत गेले आणि एकाएकी बंद पडले, कारण सगळ्यांची नजर वहिनीच्या पुढ्यात गेली होती. तिथे तयार कुलपांचा ढीग होता. अमक्याने टाकलं की टाकू, तमका काय करतो ते बघू आणि मग टाकू, असं म्हणता म्हणता तिने दिवसभरात एकही टाकलं नव्हतं. आणि हे तिला स्वतःला आत्ता कळत होतं.

“तिला बोलू नका,” वन्सं म्हणाली. “ती आपल्यासाठीच सगळीकडे लक्ष ठेवून होती.”

हे ऐकून वहिनीला जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं.

साहेब खाली आले. दिव्याकडे बघितलं, वन्संकडे बघितलं आणि वहिनीला म्हणाले, “समितीचं काय म्हणणं? कोणाच्या जागेवर थांबला?”

“माझ्या,” वहिनी म्हणाली.

“दिवा तर यांच्यापुढचा लागलाय.”

“ही कुलपं दिसतायत ना? ही डब्यात पडायची होती. मी टाकली नाहीत, म्हणून थांबला. जागा कमी करायची तर माझी करा.”

साहेबांनी त्या ढिगाकडे बघितलं. सगळ्या पट्ट्यावर एवढी कुलपं दुसऱ्या कुणाकडे नव्हती. मग त्यांनी डोळे बारीक करून वहिनीकडे बघितलं, अगदी ती दुधाकडे बघायची तसं.

“सगळ्यांत चपळ हात तुमचा,” ते हळूच म्हणाले. “खरं सांगा वहिनी, यात तुमचा डाव काय आहे?”

तिने पुढारीकडे बघितलं. तोही तसाच बघत होता. एका बाजूपासून दुसऱ्या बाजूपर्यंत सगळं टेबल तसंच बघत होतं. विश्वास होता तो एकट्या वन्संच्या चेहऱ्यावर, आणि वहिनीला त्याच चेहऱ्याकडे बघवेना.

“डाव नाही साहेब,” ती म्हणाली आणि ढिगातलं एकेक कुलूप उचलून डब्यात टाकू लागली.