पाय झाकून

"आजी, तुला बघवणार नाही," गंधाली म्हणाली. "जुन्या काळातली कॅसेट आहे, कुणीतरी आता नेटवर टाकलीय. यात बाईला खरोखर मारलंय."

नातीला काय सांगू, ही कॅसेट मला चाळीस वर्षं ठाऊक होती. आमच्या घाटकोपरच्या चाळीत तेव्हा तिचीच चर्चा. पाहिली कुणीच नव्हती. प्रत्येकाच्या मावसभावाच्या मित्राने मात्र पाहिली होती. आणि त्यातली बाई म्हणजे आमची कुंदा, असं पोरं छातीठोक सांगायची. कुंदा माझी शेजारीण, जिवाची मैत्रीण. अंधेरीला शूटिंगमध्ये गर्दीतली कामं करायची. वडिलांनी लग्न ठरवलं तशी घर सोडून गेली, ती परतलीच नाही. तिची आई, शेवंतीकाकू, व्हिडिओ पार्लरवरून जाताना कानांवर पदर ओढायच्या. मरेपर्यंत त्यांनी तो रस्ता तसाच ओलांडला.

"लाव," मी म्हटलं.

चित्र खरखरीत, पण चेहरा कुंदाचाच. सुरा, किंकाळी, रक्त. ती कोसळली आणि साडी पोटरीपर्यंत वर गेली. मारेकरी सुरा पुसत उभा राहिला. तेवढ्यात मेलेल्या कुंदाचा हात हळूच सरकला, साडीचा काठ घोट्यापर्यंत ओढून पुन्हा निपचित पडला.

"मागे घे गं जरा."

पुन्हा पाहिलं, पुन्हा तेच. मला हसू आवरेना. आम्ही मुली गॅलरीत झोपायचो तेव्हा शेवंतीकाकू मालवणीत दटावायच्या, "मेलंस तरी पाय झाकून पड गो." कुंदा झोपेतही साडी खाली ओढायची.

"म्हणजे फेक आहे?" गंधालीचा चेहराच पडला. "अगं, खाली सगळ्यांनी रिअल लिहिलंय, यार."

"सगळे सुऱ्याकडे बघत बसले ना."

"मग ही बाई गेली कुठे?"

"कुणास ठाऊक. पण कट म्हटल्यावर उठली असणार. आधी चहा मागितला असणार."

इतकी वर्षं कुंदा माझ्या मनात तेवढ्याच वयाची पडून होती. त्या दुपारी मी तिला म्हातारी होऊ दिलं. केस पिकले, गुडघे दुखायला लागले, नातवंडं डोकं खायला लागली.

"कमेंट टाकू का?" गंधालीने विचारलं.

"टाक. म्हणावं, पाय बघा."