सासू वारल्याची रजा

आमचा जावई चष्म्याच्या काचा घासतो. लोकांना नीट दिसावं म्हणून त्याला पगार मिळतो, आणि स्वतः मात्र घरात आला की काढलेले मोजे त्याला दिसत नाहीत, सिंकमधली भांडी दिसत नाहीत, मी तर मुळीच दिसत नाही. दिसतो तो फक्त टीव्हीखालचा काळा खोका. "आई, कन्सोल म्हणतात त्याला," असं त्याने मला इतक्या वेळा सांगितलंय की आता मी मुद्दाम खोकाच म्हणते.

तर या खोक्यात एक नवा गेम येणार होता. लढाईचा. घोड्यावर बसून कोणाकोणाची मुंडकी उडवायची, असा काहीतरी थोर विषय. बाजारात यायला अजून आठवडा होता, पण पैसे भरलेल्यांना तो आधीच खोक्यात उतरवून घ्यायची मुभा होती. उतरवायचा, पण उघडायचा नाही. ठरलेली वेळ होईपर्यंत त्याला कुलूप.

"मग आधी घेऊन करायचं काय?" मी विचारलं.

त्याने मला समजावलं, तेही लहान मुलीला समजावतात तसं. पहिल्या दिवशी सगळं जग एकदम उतरवायला धावतं, मग सगळ्यांचंच रखडतं. ज्याचा आधी उतरलेला असतो तो कुलूप उघडताच खेळायला लागतो. बाकीचे बसतात बोंबलत. हे सांगताना त्याच्या चेहऱ्यावर असं तेज होतं, जणू दुष्काळात धान्य साठवून ठेवलंय. उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग म्हणतात ते याच्याकडे बघूनच सुचलं असावं.

खोक्यात जागा नव्हती. मग जुने गेम पुसायला बसला. त्यातले निम्मे त्याने एकदाही उघडले नव्हते, तेही असेच घाईघाईने आधी उतरवलेले. मग दोन दिवस तो गेम उतरत होता आणि घरातलं इंटरनेट मेल्यासारखं पडलं होतं. माझी थोरली बहीण दुसऱ्या गावी असते, तिच्याशी मी फोनवर बघून बोलते. त्या दोन दिवसांत तिचं तोंड नुसतं उघडं राहायचं आणि शब्द मागाहून यायचे. लेक नोकरीसाठी अर्ज पाठवायला बसली तर फोटो चढेना. जावईबापू टीव्हीवरच्या निळ्या पट्टीपुढे बसून होते. पट्टी बोटभर पुढे सरकली की मित्रांना कळवायचं, मित्रांनी आपापल्या पट्टीची खबर द्यायची. काचा घासणारा, बँकेत बसणारा, एक तर म्हणे दातांचा डॉक्टर. बाजारात तुरी आणि हे एकमेकांना वरण वाढतायत.

एवढ्यावर भागलं असतं तर मी हे सांगत बसले नसते. पण याला बाकीच्यांच्याही आधी खेळायचं होतं. गेम उघडतो तो ज्या त्या देशाच्या मध्यरात्री. म्हणून याने खोक्यात आपला देशच बदलून टाकला. जिथे दिवस आपल्या कितीतरी आधी उजाडतो अशा कुठल्याशा बेटाचा हा रहिवासी झाला. तिथे मध्यरात्र होते तेव्हा आपल्याकडे दुपारच्या चहाची वेळ असते. आणि गुरुवारी दुपारी चहाच्या वेळेला हा माणूस कारखान्यात काचा घासत असायला हवा होता.

इथे गाडं अडलं. शाळा सुरू व्हायचे दिवस, पोरांच्या चष्म्यांच्या ऑर्डरी तुंबलेल्या, मालकीणबाईंनी सगळ्यांच्या रजा बंद केलेल्या. शिवाय आधीच्या दोन थापा त्यांच्या लक्षात होत्या. दुसऱ्या थापेच्या वेळी हा म्हणे तापाने फणफणून घरी पडला होता आणि तिकडे त्याच्या टोपणनावापुढे हिरवा ठिपका लागून तो ऑनलाइन खेळत असल्याचं साऱ्या जगाला दिसत होतं. कारखान्यात फ्रेम बसवणारा एक जण आहे, त्याच्याकडेही असाच खोका. त्याने जेवणाच्या सुट्टीत तो ठिपका मोबाइलवर बघितला आणि बाईंना दाखवला. बाईंनी ह्याला समोर उभं करून सांगितलं होतं, की आणखी एक खोटं सापडलं तर उद्यापासून येऊ नकोस. त्यात लेक ज्या औषधांच्या दुकानात होती ते गेल्या महिन्यात बंद झालेलं. घर त्याच्या एकट्याच्या नोकरीवर उभं होतं आणि हे त्याला सोडून सगळ्यांना कळत होतं.

गुरुवारी सकाळी तो कामावर गेला नाही. रजा मिळाली म्हणाला. आणि वागायलाही एकदम गोड झाला. मला खुर्ची आणून दिली. जन्मात कधी विचारलं नाही, त्या दिवशी विचारलं, "आई, गुडघा कसा आहे?" तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली.

दुपारी त्याने पडदे ओढले. वेफर्सची पुडी फोडली, मोबाइल लांब ठेवला, पुन्हा जवळ घेतला. टीव्हीवर एक घोडेस्वार पाठमोरा उभा आणि खाली उलटे आकडे पळत होते. उघडायला तासभर राहिला असेल. तेवढ्यात फोन वाजला. तो "हो मॅडम, हो मॅडम" करत उभा राहिला आणि फोन ठेवला तेव्हा तोंडचं पाणी पळालेलं होतं.

"मॅडम खाली गाडी लावतायत," तो म्हणाला. "समाचाराला आल्यात."

"कोणाच्या?" लेकीने विचारलं.

तो माझ्याकडे बघायला लागला. मग फरशीकडे.

मला कळायला वेळ लागला नाही. काल रात्री झोपेत गेले होते म्हणे मी. सकाळी सगळं उरकलंसुद्धा. चार दिवसांची रजा. माझ्या मरणाची किंमत चार दिवस, आणि तेही घोड्यावर बसायला.

"अहो, मग स्वतःच्या आईला का नाही मारलंत?" मी म्हटलं.

"असं कसं बोलू मी?" तो खरोखर दुखावला. "बोललेलं कधी खरं होतं, आई."

म्हणजे माझं खरं झालं असतं तर चालण्यासारखं होतं. हे त्याच्या लक्षातही आलं नाही. मी लेकीकडे पाहिलं. आता ही त्याला फाडून खाईल, निदान एक थोबाडीत तरी देईल, असं मला वाटलं. तिने एकदा दाराकडे पाहिलं, एकदा त्याच्याकडे, आणि मग माझा दंड धरला.

"आई, थोडा वेळ आत जाऊन बस. नोकरी जाईल त्याची."

माझ्या पोटच्या पोरीने मला अर्धा तास मेलेली राहायला सांगितलं. मी गेले. त्याच्यासाठी नाही, तो खड्ड्यात गेला असता तरी मी वरून माती लोटली असती. तिचा हात गार पडला होता म्हणून गेले.

आतल्या खोलीत पलंगावर बसले आणि दार बोटभर उघडं ठेवलं. स्वतःच्या समाचाराला बसायचा योग कोणाला येतो? मालकीणबाईंचा आवाज जाडाभरडा पण माणूस मायेचं वाटलं. सोबत कोणी तरी होतं, हळूच खाकरत होतं. फ्रेम बसवणारा तो हाच. बाईंनी विचारलं, आजारी होत्या का, त्रास झाला का. जावई "नाही, झोपेतच" म्हणाला. एवढं एक मात्र त्याने मला बरं मरण दिलं होतं. मग बाई म्हणाल्या, "स्वभावाने कशा होत्या?"

मी कान टवकारले. मेल्या म्हशीला मणभर दूध असतं म्हणतात. शेरभर तरी निघेल असं मला वाटत होतं.

"चांगल्या होत्या," जावई म्हणाला. आणि थांबला. संपलं. सात वर्षं मी याच्या घरात भाज्या निवडल्या.

बाईंनी लेकीला विचारलं, "आईला काय आवडायचं, बाळा? मला माझ्या आईचं एक सारखं आठवतं, तिला खिडकीतून लोक बघायला आवडायचं."

आता लेक रडेल असं मला वाटलं. पण बोलली तेव्हा आवाज कोरडा होता. विचार करून दिलेलं उत्तर होतं ते.

"तिला काहीच आवडायचं नाही."

मी पलंगाची कड धरली. पोरगी चिडून बोलली असती तर मी सोडून दिलं असतं. ती खरं सांगत होती.

तेवढ्यात बाहेर फ्रेम बसवणाऱ्याने तोंड उघडलं. टीव्ही बंद केला होता, पण खोक्याचा पंखा घरघरत होता, दिवा पेटलेला होता, आणि बाई नेमक्या खेळायच्या बटणांच्या दांड्यावर बसल्या होत्या. त्याने तो त्यांच्याखालून काढून जावयाच्या हातात दिला आणि साळसूदपणे म्हणाला, "आज तो नवीन गेम उघडतोय ना रे? पडदे लावून बसला होतास वाटतं."

बाईंच्या खुर्चीचा आवाज झाला. "म्हणजे?" त्यांनी विचारलं. आवाजातली माया निघून गेली होती. जावई नुसता "नाही, ते, म्हणजे" करत राहिला. आता घास घशात अडकला होता, आणि तो त्याच्या एकट्याच्या नाही, माझ्या लेकीच्याही.

मी पदर सारखा केला आणि बाहेर आले.

"मी हिची मावशी," मी बाईंना सांगितलं. "जी गेली, तिची थोरली बहीण."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग भिंतीवरच्या लग्नाच्या फोटोकडे. "किती सारख्या दिसता," त्या म्हणाल्या.

"ती जास्त फटकळ होती," मी म्हटलं. लेकीचं तोंड उघडंच राहिलं होतं. मी खुर्ची ओढली आणि सुरुवात केली. बहीण तोंडाने तिखट, पण जावयावर भारी जीव. हे म्हणताना माझी जीभ झडली कशी नाही कोण जाणे. या खोक्यावरून दोघांचं रोज वाजायचं. शेवटी शेवटी तिने त्याच्याकडून शब्द घेतला, की मी गेले की हा खोका ज्यांच्याकडे खेळायला काही नाही अशा पोरांना देऊन टाकायचा. "सकाळपासून तेच करत बसलाय बिचारा. चालतो की नाही ते बघतोय. बंद पडलेली वस्तू कशी द्यायची? आणि उजेड सोसत नाही म्हणून पडदे लावलेत, डोळे रडून सुजलेत."

डोळे त्याचे खरोखर लाल झाले होते, फक्त कारण वेगळं होतं.

बाईंनी रुमाल काढला. फ्रेम बसवणारा आपल्या बुटांकडे बघायला लागला. "मी वाईट शंका मनात घेऊन आले होते," बाई जावयाला म्हणाल्या, "मला माफ कर." मग म्हणाल्या की कारखान्यामागेच अनाथ मुलांचं वसतिगृह आहे, तिथल्या मुलांना त्या दरवर्षी चष्मे देतात. आत्ता त्याच रस्त्याने जायचंय. गाडीत जागा आहे.

"आत्ता?" जावई म्हणाला.

"शब्द दिलाय ना तुम्ही तिला," मी म्हटलं.

त्याने शेवटचे हातपाय मारून पाहिले. "त्यात एक नवीन गेम आहे, मॅडम. अजून उघडलेलासुद्धा नाही."

"मग तर फारच छान," बाई म्हणाल्या. "मुलांना कोरा मिळेल."

वायरी त्यालाच काढाव्या लागल्या. एकेक काढताना हात असा हळू चालत होता, की मला वाटलं हा तिथेच खोक्याला कवटाळून बसतोय. फ्रेम बसवणाऱ्याने खोका उचलून काखेत मारला. त्याच्याकडेही तसाच आहे, तेव्हा जावयाच्या मनात काय चाललंय ते त्यालाच नीट कळत असणार. जिन्यातून पावलं खाली गेली आणि मी दार लावलं. त्या पोरांनी संध्याकाळी कोणाकोणाची मुंडकी उडवली असतील, देव जाणो.

जावई रिकाम्या टीव्हीसमोर बसला. दोन दांड्यांपैकी तो एक हातात तसाच राहिला होता, द्यायचा विसरला. चार दिवस रजा आणि करायला काही नाही. मी त्याच्या समोरून दोनदा गेले, उगीच. वेफर्सही उचलून डब्यात भरून ठेवले.

लेक ओट्याशी कप धूत होती. मी फडकं घेऊन तिच्या शेजारी उभी राहिले. नोकरी राहिली, खोका गेला, एका दगडात दोन पक्षी. मग मीच म्हटलं, "काहीच आवडायचं नाही काय मला?"

"सांग ना मग," ती म्हणाली. "काय आवडतं?"

मी कप पुसत आठवू लागले. चहा, पण तो कोणीच धड करत नाही. बहीण, पण ती फार बोलते. लेकीच्या बापाचं नाव ओठांवर आलं आणि त्याच्या घोरण्यापाशी जाऊन अडलं. बाहेरून जावयाचा एक लांब सुस्कारा ऐकू आला. माझ्या तोंडावर हसू आलं, आणि ते आवरायच्या आत लेकीने पाहिलं.

तिने शेवटचा कप पालथा ठेवला आणि हात कोरडे केले.

"मावशीला मात्र आज मजा आली," ती म्हणाली, आणि बाहेर त्याच्यापाशी जाऊन बसली.